रोजा आणि उपासमार

बास्केटबॉल हा खेळ ज्या गावात जन्मला, त्याच गावात बिल्किस अब्दुल-कादिर जन्मली. गाव स्प्रिंगफील्ड, अमेरिकेतल्या मॅसॅच्युसेट्स राज्यातले. डिसेंबर १८९१ मध्ये तिथल्या एका प्रशिक्षण संस्थेत जेम्स नेस्मिथ नावाच्या शिक्षकाने, बर्फाच्या दिवसांत तरुणांना छपराखाली खेळता यावे म्हणून, पीच या फळाच्या दोन टोपल्या सज्जाच्या कठड्याला ठोकल्या आणि त्यांत चेंडू टाकायला सांगितले. या घटनेला शंभर वर्षे पुरी व्हायला एक वर्ष उरले असताना, नोव्हेंबर १९९० मध्ये, त्याच गावातल्या एका कृष्णवर्णीय मुस्लिम कुटुंबात ही मुलगी जन्माला आली. शाळेत असतानाच ती डोक्याला स्कार्फ बांधू लागली आणि स्कार्फ बांधूनच खेळू लागली. पूर्ण बाह्यांचा सदरा, पायभर विजार, त्यावर संघाचा पोशाख आणि डोक्याला घट्ट कापड, असा तिचा वेश. उंची बेताची. या खेळात उंची म्हणजे निम्मे भांडवल. ते तिच्याजवळ नव्हते. वेग होता, हात होता आणि नजर होती.

त्याच परिसरातल्या रिबेका लोबो या नामवंत खेळाडूने शालेय सामन्यांत गुणांचा विक्रम केला होता. राज्यातला हा विक्रम अठरा वर्षे टिकला. जानेवारी २००९ मध्ये बिल्किसने तो मोडला आणि शाळा सोडली तेव्हा तिच्या नावावर ३,०७० गुण जमा होते. त्या वर्षीच्या रमजानमध्ये अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष बराक ओबामा यांनी व्हाइट हाउसमध्ये इफ्तार दिला, तेव्हा या मुलीला बोलावून भाषणात तिचा उल्लेख केला. पुढे ती मेम्फिस विद्यापीठात गेली. सुरुवातीलाच गुडघ्याचा अस्थिबंध तुटला, वर्ष वाया गेले, पण ती परत उभी राहिली. अमेरिकन महाविद्यालयीन खेळाच्या वरच्या श्रेणीत स्कार्फ बांधून खेळलेली पहिली खेळाडू म्हणून तिची नोंद झाली. मेम्फिसची पदवी घेऊन शेवटचा मोसम ती इंडियाना स्टेट विद्यापीठाकडून खेळली. हे साल २०१४.

इथपर्यंतची गोष्ट आपल्याला सांगायला सोपी आहे. अवघड भाग यानंतरचा आहे.

महाविद्यालय संपले की अमेरिकेतल्या खेळाडू मुलीपुढे दोन वाटा असतात. एक देशातली व्यावसायिक लीग. २०१४ मध्ये तिच्यात बारा संघ होते आणि प्रत्येक संघात फार तर बारा जणी, म्हणजे साऱ्या देशाला मिळून १४४ जागा. दुसरी वाट युरोपची. तिथे क्लब पुष्कळ, पगार बरा. जिला देशात जागा मिळत नाही तिला तिथे खेळून नाव कमावता येते. बिल्किसने ही दुसरी वाट धरायची ठरवली, आणि तेव्हा तिला एका नियमाची ओळख झाली. आंतरराष्ट्रीय बास्केटबॉल महासंघ, म्हणजे फिबा, याच्या नियमावलीत एक कलम होते: इतर खेळाडूंना इजा होईल असे काही अंगावर घालता येणार नाही, आणि त्या यादीत डोक्यावरचे आच्छादन होते. केस आवरण्यासाठी पाच सेंटीमीटर रुंदीची पट्टी चालेल, त्याहून जास्त नाही. म्हणजे युरोपात खेळायचे तर स्कार्फ उतरवावा लागेल, आणि स्कार्फ ठेवायचा तर खेळ उतरवून ठेवावा लागेल. तिने स्कार्फ ठेवला.

ती एकटी नव्हती. त्याच वर्षी जुलैमध्ये चीनमधल्या वुहान येथे आशिया चषकाचे सामने झाले. भारतीय संघातले अमृतपाल सिंग आणि अमज्योत सिंग या शीख खेळाडूंना याच नियमावर बोट ठेवून पगडी उतरवायला लावली गेली. सप्टेंबरमध्ये दक्षिण कोरियातल्या इंचॉन येथे आशियाई क्रीडा स्पर्धा झाल्या. कतारच्या महिला संघाला मंगोलियाविरुद्धच्या सामन्याआधी स्कार्फ काढण्यास सांगण्यात आले. मुलींनी नकार दिला आणि सामना न खेळताच सोडून दिला. फुटबॉलच्या जागतिक संघटनेने त्याच वर्षी मार्चमध्ये पगडीला आणि स्कार्फला परवानगी दिली होती. बास्केटबॉलवाल्यांनी मात्र दोन वर्षांच्या चाचणीची सवलत ठेवून विचार चालू ठेवला. निरनिराळ्या देशांतल्या खेळाडूंनी सह्या गोळा केल्या, पत्रे लिहिली. बिल्किस त्यांच्यात होती. अखेर मे २०१७ मध्ये हाँगकाँगच्या अधिवेशनात फिबाने नियम बदलला आणि १ ऑक्टोबर २०१७ पासून नवा नियम लागू झाला. आच्छादन काळे, पांढरे किंवा संघाच्या पोशाखाच्या रंगाचे असावे, संघातल्या सगळ्यांचे एकाच रंगाचे असावे, चेहरा झाकू नये, मानेभोवती उघडझाप करणारे काही नसावे, कुठला भाग बाहेर लोंबू नये. बस, एवढेच. चार-सहा ओळींत मावणारी तोड निघायला इतकी वर्षे लागली.

बिल्किस तेव्हा सव्वीस वर्षांची होती. तीन वर्षे ती स्पर्धेबाहेर होती. आखूड उंचीच्या, वेगावर खेळणाऱ्या खेळाडूची उमेदीची वर्षे मोजकीच असतात, आणि त्यांतली पहिली तीन निघून गेली होती. ती व्यावसायिक खेळाडू झाली नाही. तिच्यासाठी हा निर्णय म्हणजे वरातीमागून घोडे.

आता प्रश्न असा की या गोष्टीचे आपण काय करायचे?

आपल्याकडे ही गोष्ट दोन तऱ्हांनी सांगितली जाते. एक तऱ्हा दीनदार माणसाची. तो म्हणतो, पाहा, दुनिया लाथाडली पण पर्दा सोडला नाही. आपल्या मुलींनी हिच्याकडून शिकावे. दुसरी तऱ्हा सुधारकाची. तो म्हणतो, पाहा, हातभर कापडापायी मुलीने सोन्यासारखे करिअर घालवले. चाळीस मिनिटांचा तर सामना, तेवढ्यापुरते काढले असते तर काय बिघडले असते? पहिला तिची आरती करतो, दुसरा तिची कीव करतो. आम्हाला वाटते की या दोन्ही तऱ्हांत एक गोष्ट हरवते, आणि ती म्हणजे खुद्द बिल्किस.

आधी सुधारकाचे म्हणणे घेऊ. चाळीस मिनिटांचा प्रश्न वरवर बिनतोड वाटतो. पण रोजा ठेवणाऱ्या माणसाला असेच विचारून पाहा. उन्हाळ्याचे दिवस आहेत, दुपारचे चार वाजले आहेत, घशाला कोरड पडली आहे, खोलीत दुसरे कोणी नाही. एक घोट पाण्याने काय बिघडेल? शरीराचे काहीच बिघडणार नाही, उलट बरेच वाटेल. बिघडेल ती नियत. सकाळी ज्याने स्वतःशी एक करार केला, तो माणूस दुपारी उरणार नाही. दिलेल्या शब्दाची किंमत तो शब्द कशाबद्दल दिला यावर ठरत नाही. वारकऱ्याने गळ्यात माळ घातली की तो मांस-मच्छी सोडतो. ती माळ आपण घातलेली नसते, पण 'आजच्या दिवस खा, उद्या परत माळकरी हो,' असे त्याला आपण म्हणत नाही. म्हटले तर तो आपल्याला थट्टेखोर तरी समजेल किंवा उद्धट तरी. व्रत आपले नसले तरी व्रतस्थाचा मान ठेवता येतो. पर्दा हा इस्लामचा गाभा आहे की नाही, त्याची हद्द कुठवर आहे, यावर आपल्यात मतभेद आहेत आणि ते राहोत. बिल्किसला न्याय देण्यासाठी तो वाद आधी मिटवावा लागत नाही.

इथे एक आठवण ठेवली पाहिजे. १८ एप्रिल १९६६ रोजी हमीद दलवाईंनी सात मुस्लिम स्त्रियांचा मोर्चा मुंबईत काढला. संख्या सात. त्या मोर्चाचे बळ संख्येत नव्हते. ते यात होते की जिच्यावर तलाकचा घाव बसतो ती बाई स्वतः रस्त्यावर येऊन बोलत होती. सुधारणेची ही परंपरा खरी मानायची तर बाई आपल्या मताविरुद्ध बोलली तरी ती ऐकून घ्यावी लागते. तिने बुरखा टाकला तर ती स्वतःच्या बुद्धीने वागली, आणि स्कार्फ ठेवला तर कुणाच्या तरी सांगण्यावरून वागली, असा दुहेरी तराजू ठेवला की आपण तिचे वकील उरत नाही, पालक होऊन बसतो.

आता दीनदार माणसाचे म्हणणे. तो बिल्किसच्या त्यागाची थोरवी गातो. पण त्याग आणि त्यागाची किंमत या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. स्कार्फ बांधणे ही बिल्किसची मर्जी होती. त्यासाठी खेळ द्यावा लागणे ही तिची मर्जी नव्हती. ती किंमत तिने ठरवली नाही, एका कचेरीतल्या कलमाने ठरवली. रोजेदार स्वतः उपाशी राहतो, हा त्याचा रोजा. पण इफ्तारच्या वेळी कोणी येऊन स्वयंपाकघराला कुलूप लावले, तर त्यानंतरच्या भुकेला रोजा म्हणत नाहीत. ती भूक लादलेली आहे. तिची स्तुती करणारा माणूस नकळत कुलूप लावणाऱ्याचेच काम सोपे करतो. 'बघा, किती सबुरीने सहन केले' असे म्हटले की सहन करायला लावणारा बाजूला राहतो आणि चर्चा फक्त सहन करणारीच्या मोठेपणाची होते. आपल्या घरांतल्या आजी-नानीबद्दल आपण असेच बोलत आलो आहोत. तिने किती सोसले हे कौतुकाने सांगतो, तिला सोसायला का लागले हे सांगत नाही.

शिवाय तिचे गेले काय, याचाही नीट हिशेब मांडला पाहिजे. ती युरोपात जाऊन मोठी तारका झालीच असती असे कोणी सांगू शकत नाही. कदाचित दोन मोसमांत परत आली असती. कदाचित गुडघा पुन्हा दुखावला असता. तिच्या हातातून पदके गेली असे म्हणणे म्हणूनच तितकेसे बरोबर नाही. गेली ती एक संधी: आपण किती चांगल्या आहोत हे मैदानावर कळून घेण्याची. वयाच्या बाविसाव्या-तेविसाव्या वर्षी हरून परतलेली खेळाडू निदान स्वतःची ताकद जाणून परतते. जिला उतरूच दिले नाही तिला आयुष्यभर 'कदाचित' या शब्दाबरोबर राहावे लागते. तिच्यावर निघालेल्या माहितीपटाचे नावच 'लाइफ विदाउट बास्केटबॉल' आहे, बास्केटबॉलविना आयुष्य. नियमबदलाने कायदा सुधारला, वर्षे परत दिली नाहीत. आणि दुसऱ्यांसाठी दार उघडावे म्हणून, स्वतःचा उपयोग संपत आल्यावरही, ती बोलत राहिली. आम्हाला तिचा मोठेपणा वाटतो तो इथे.

पण एक शंका उरते आणि ती टाळणे बरे नाही. पंधराव्या वर्षाच्या आतबाहेर मुलगी स्कार्फ बांधते ती खरोखर तिची निवड असते का? आई बांधते, बहिणी बांधतात, म्हणून तीही बांधते. यात मर्जी कुठे आली? शंका रास्त आहे. मात्र ती सगळ्यांनाच लागू पडते. आपण कुठला धर्म मानतो, कुठली भाषा बोलतो, लग्नात काय नेसतो, मुलगी जीन्स घालते की सलवार, यांतले किती आपण रिकाम्या खोलीत बसून एकट्याने ठरवलेले असते? माणसाची निवड घर, मोहल्ला आणि बाजार यांच्या गर्दीतच होते. म्हणून निवड शुद्ध होती का हे तपासत बसण्यापेक्षा एक साधी कसोटी लावावी. दोन दारे उघडी आहेत का, हे पाहावे. उद्या तिला स्कार्फ उतरवावासा वाटला तर घर, आईबाप, समाज न गमावता तो उतरवता येईल का? आणि उद्या तिला बांधावासा वाटला तर शाळा, नोकरी, मैदान न गमावता तो बांधता येईल का? दोन्ही दारे उघडी असतील तर ती आत असो की बाहेर, ती स्वतंत्र आहे. एक जरी बंद असेल तर तिच्या निवडीचे गोडवे गाऊ नयेत.

ही कसोटी जगावर लावून पाहा. इराणमध्ये पहिले दार बंद. तिथल्या महिला बास्केटबॉलपटूंची २०१७ पर्यंतची अवस्था तर दोन जात्यांत सापडल्यासारखी होती: सरकार म्हणे स्कार्फाशिवाय खेळायचे नाही, फिबा म्हणे स्कार्फासह खेळायचे नाही. ऑक्टोबर २०२२ मध्ये गिर्यारोहणपटू एल्नाज रेकाबी सोलमध्ये स्कार्फाशिवाय भिंत चढली, तेव्हा तिच्या सुरक्षिततेची काळजी साऱ्या जगाला लागली. फ्रान्समध्ये दुसरे दार बंद. तिथल्या बास्केटबॉल महासंघाने २०२२ च्या अखेरीस आपल्या सामन्यांत सर्व पातळ्यांवर डोके झाकण्यास मनाई केली. जानेवारी २०२३ मध्ये ओबेरव्हिलिए या पॅरिसच्या उपनगरातल्या संघाची कर्णधार सालिमाता सिला हिला सामन्यात उतरू दिले नाही. दियाबा कोनाते ही फ्रान्सच्या युवा संघाकडून खेळलेली मुलगी अमेरिकेतल्या महाविद्यालयात स्कार्फ बांधून खेळली, आणि स्वतःच्या देशात मात्र तिला मैदान बंद झाले. पॅरिसला २०२४ चे ऑलिम्पिक झाले तेव्हा बाहेरच्या देशांच्या खेळाडूंना स्कार्फ चालला, यजमान देशाच्या मुलींना चालला नाही.

इराणची सक्ती आणि फ्रान्सची बंदी यांत पुष्कळ फरक आहे. एकीकडे तुरुंगाची भीती आहे, दुसरीकडे मैदानाबाहेर बसावे लागण्याची. पण दोन्हीकडे बाईच्या डोक्याचा निकाल बाईला न विचारता लागतो. आपल्यातला जो माणूस फ्रान्सवर संतापतो आणि इराणवर गप्प बसतो, किंवा इराणवर लेख लिहितो आणि फ्रान्सला 'त्यांची धर्मनिरपेक्षता' म्हणून सोडून देतो, त्याला स्त्रीच्या स्वातंत्र्याची चाड आहे असे कसे म्हणावे? त्याला फक्त आपल्या बाजूची चाड आहे. कुरआनने धर्माच्या बाबतीत बळजबरीला जागा ठेवलेली नाही. ही शिकवण दोन्ही दारांना लागू आहे.

आपल्या देशालाही ही कसोटी चुकलेली नाही. २०२२ मध्ये कर्नाटकातल्या मुलींना स्कार्फ आणि वर्ग यांतले एक निवडायला सांगण्यात आले. उच्च न्यायालयाने मार्चमध्ये त्या बंदीला मान्यता दिली, ऑक्टोबरमध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींचे एकमत झाले नाही. मुंबईतल्या एका महाविद्यालयाच्या अशाच नियमाला सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२४ मध्ये अंशतः स्थगिती दिली. वकिलांचे युक्तिवाद चालू असताना परीक्षेची तारीख थांबत नाही. खेळाडूची जशी वर्षे जातात तशीच विद्यार्थिनीचीही जातात.

इथवर बोट बाहेरच्या दिशेने होते. आता ते थोडे आत वळवू.

बिल्किसच्या त्यागाला त्याग का म्हणायचे? कारण तिच्याकडे सोडण्यासारखे काही होते. ३,०७० गुण आकाशातून पडत नाहीत. एका मुस्लिम घराने आपल्या मुलीला वर्षानुवर्षे संध्याकाळी मैदानावर जाऊ दिले, परगावी सामन्यांना पाठवले, तिचे घामाचे कपडे धुतले, दुखावलेला गुडघा शेकला. स्कार्फ बांधला म्हणून चेंडू हातातून काढून घेतला नाही. तिच्या घरात पर्दा आणि खेळ एकमेकांचे वैरी नव्हते. त्यांना वैरी केले ते बाहेरच्या नियमाने.

आपल्या किती घरांत असे आहे? पोरगी चौथी-पाचवीपर्यंत गल्लीत लंगडी घालते, लगोरी फोडते, खो-खोत मुलांना हरवते. सहावी-सातवीत गेली की एक दिवस कोणी तरी म्हणते, 'आता मोठी झालीस, बस झाले.' कोणी फतवा काढत नाही, कलम दाखवत नाही. अम्मी म्हणते, अब्बांना आवडणार नाही. अब्बा म्हणतात, लोक काय म्हणतील. लोकांना विचारले तर ते म्हणतात, आम्ही कुठे काय म्हटले? असे सगळ्यांचे हात वर, आणि पोरीचा खेळ बंद. शाळेचे मैदान असले तरी संध्याकाळी ते मुलांच्या क्रिकेटला. मुलींच्या खेळाच्या तासाला शिवणाचा तास. शिकवायला बाई नाही, कपडे बदलायला खोली नाही, स्वच्छतागृहाला कडी नाही. ही गोष्ट केवळ मुस्लिम मोहल्ल्यातली नाही. शेजारच्या वाडीतही थोड्याफार फरकाने हेच आहे. पण शेजाऱ्याकडे आहे म्हणून आपल्याकडचे चालते, असे नाही.

या मुलीला बिल्किसचे उदाहरण देऊन 'बघ, तिने पर्द्यासाठी खेळ सोडला' असे सांगणे म्हणजे भुकेल्या माणसाला रोज्याची फजीलत सांगणे आहे. रोजा आणि उपासमार यांत पोट सारखेच रिकामे असते. फरक एवढाच की रोजेदाराच्या घरात अन्न असते आणि ते न खाणे त्याने स्वतः ठरवलेले असते. ज्याच्या घरात दाणा नाही त्याच्या उपाशीपणाला कोणी इबादत म्हणत नाही, त्याच्यासाठी जकात काढायची असते. ज्या मुलीच्या हातात कधी चेंडू आलाच नाही, तिने खेळाचा त्याग केला असे म्हणता येत नाही. तिला खेळ मिळाला नाही, एवढेच खरे. न मिळण्याला त्याग हे नाव देऊन आपण आपली देण्याची जबाबदारी टाळतो.

कोणी म्हणेल, मुलींच्या खेळात हया राखायची कशी? प्रश्न खोटा नाही, आणि तो फक्त मुसलमानांचाही नाही. स्प्रिंगफील्डपासून जवळच नॉर्थॅम्प्टन नावाचे गाव आहे. तिथल्या स्मिथ या मुलींच्या महाविद्यालयात सेंडा बेरेन्सन या शिक्षिकेने नेस्मिथचा खेळ १८९२ मध्ये मुलींना शिकवला. मार्च १८९३ मध्ये दोन वर्गांत सामना लावला तेव्हा पुरुष प्रेक्षकांना आत येऊ दिले नाही. कारण मुली घोळदार तुमानी घालून खेळणार होत्या आणि तो वेश त्या काळात चारचौघांत दाखवण्याजोगा मानला जात नव्हता. मुलींना झेपेल की नाही म्हणून तिने मैदानाचे तीन भाग केले, नियम सौम्य केले. त्यांतले पुष्कळ नियम आज आपल्याला हास्यास्पद वाटतील. पण तिने एक गोष्ट केली. लाजेची अडचण समोर आली तेव्हा तिने खेळ बंद केला नाही, दार बंद केले आणि खेळ चालू ठेवला. पुढच्या पिढ्यांनी ते दार हळूहळू उघडले. १९७६ मध्ये महिला बास्केटबॉल ऑलिम्पिकमध्ये आले. हयेची सोय करता येते. सोय करायची इच्छा असावी लागते.

आपल्या परंपरेला तरी हे परके कुठे आहे? हदीसच्या संग्रहांत हजरत आयेशा (रजि.) आणि पैगंबर साहेब (स.) यांच्या धावण्याच्या शर्यतीचा उल्लेख येतो. एका वेळी आयेशा पुढे गेल्या, पुढे काही काळाने पैगंबर साहेब जिंकले आणि हसून म्हणाले की त्या वेळची फेड झाली. या रिवायतीवर आपल्या जलशांत तकरीर क्वचितच ऐकू येते. स्त्रीने काय करू नये याची यादी पाठ असलेल्या समाजाने ही धावही पाठ केली असती, तर कितीतरी मुलींची सातवीनंतरची संध्याकाळ वेगळी गेली असती.

बिल्किस पुढे मेम्फिसमधल्या एका इस्लामी शाळेत खेळाची जबाबदारी सांभाळू लागली. नंतर कॅनडातल्या ऑन्टारियो प्रांतातील लंडन या शहरात स्थायिक झाली आणि तिथे मुलींना बास्केटबॉल शिकवू लागली. स्कार्फ बांधणाऱ्या आणि न बांधणाऱ्या, दोन्ही. स्वतःची वर्षे परत मिळणार नव्हती, म्हणून तिने दुसऱ्यांची वाचवायचे ठरवले असावे. यात आरती करण्यासारखेही फार नाही आणि कीव करण्यासारखे तर काहीच नाही. एका बाईला तिचा खेळ आवडत होता आणि तिचा दीनही प्यारा होता. तिने कुणाला सांगितले नाही की माझ्यासारखे वागा. तिने एवढेच मागितले की या दोहोंतले एक निवडायला मला लावू नका.

हे मागणे आपल्या मोहल्ल्यातल्या मुलीच्या तोंडून आले तर उत्तर काय द्यायचे, ते फिबाला विचारावे लागत नाही. त्यासाठी हाँगकाँगला अधिवेशन भरत नाही. शाळेच्या संचालक मंडळाने आठवड्यातल्या तीन संध्याकाळी मैदान मुलींसाठी राखून ठेवायचे, एका शिक्षिकेला प्रशिक्षणाला पाठवायचे, स्वच्छतागृहाला कडी लावायची, दोन चेंडू आणि एक रिंग आणायची, एवढे काम आहे. ज्या मुलीला स्कार्फ बांधून खेळायचे तिने बांधून खेळावे, जिला न बांधता खेळायचे तिने तसे खेळावे. आणि घरात तिची वाट पाहणाऱ्यांनी ती आल्यावर पहिला प्रश्न 'उशीर का झाला?' हा न विचारता 'किती गुण केलेस?' हा विचारावा. त्यानंतर तिला काय धरायचे आणि काय सोडायचे ते ती ठरवील. तेव्हा तिने काही सोडले तर त्याला खुशाल त्याग म्हणावे.